दान आणि हरण

दान आणि हरण या दोन क्रियांत बाहेरून पाहता पुष्कळदा काहीच भेद दिसत नाही. दोहोंतही एकाजवळची वस्तू दुसऱ्याकडे जाते आणि घेणाऱ्याची गरज भागते. भेद असतो तो देणाऱ्याच्या मनात. त्याने स्वेच्छेने दिले तर ते दान. त्याच्या इच्छेविरुद्ध किंवा त्यास न विचारता घेतले तर ते हरण. धनधान्याच्या बाबतीत हा भेद लहान मुलासही कळतो. परंतु दिली जाणारी वस्तू मनुष्याचे हृदय अथवा यकृत असेल, आणि घेणारा मरणाच्या दारी पडलेला असेल, तर हाच साधा भेद भल्याभल्यांच्या दृष्टीआड होतो. गेल्या काही दशकांत जगात असे घडले आहे. म्हणून गृहस्थाने या प्रश्नाचा विचार शांत चित्ताने आधीच करून ठेवणे अवश्य आहे. घरात रोगी अंथरुणास खिळलेला असताना असा विचार करण्याइतके स्वास्थ्य कोणासच राहत नाही.

अवयवारोपणाची विद्या स्वतः निर्दोष आहे, हे प्रथम ध्यानात घेतले पाहिजे. १९५४ च्या डिसेंबरात अमेरिकेतील बॉस्टन येथे एका जुळ्या भावाने आपले एक मूत्रपिंड दुसऱ्यास दिले आणि मरू घातलेला भाऊ वाचला. या विद्येच्या यशाचा आरंभ असा बंधुप्रेमातून झाला. १९६७ च्या डिसेंबरात दक्षिण आफ्रिकेतील केपटाउन येथे डॉ. ख्रिस्तियान बर्नार्ड यांनी मनुष्याचे हृदय दुसऱ्या मनुष्याच्या छातीत बसविले. आणि पुढच्याच फेब्रुवारीत मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयात डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी तशीच शस्त्रक्रिया केली. परका अवयव शरीराने झिडकारू नये म्हणून १९८० नंतरच्या दशकात प्रभावी औषधे आली आणि ही विद्या जगभर पसरली. मृत्यूनंतर ज्या देहाचे भस्म व्हायचे, त्यातून चार-पाच घरांत दिवा लागावा, यात शास्त्राला किंवा सदाचाराला बाधक असे काही नाही.

परंतु या विद्येत एक अडचण मूळचीच आहे. जिवंत माणूस एक मूत्रपिंड किंवा यकृताचा अंश देऊ शकतो, पण हृदय देऊ शकत नाही. ते मृताकडूनच यावे लागते. आणि तो मृतही असा की ज्याचा मेंदू कायमचा बंद पडला आहे पण बाकीचे अवयव अद्याप शाबूत आहेत. असे मृत्यू थोडे, त्यांतून संमती मिळणारे त्याहून थोडे, आणि वाट पाहणारे रुग्ण असंख्य. म्हणून जेथे अवयव केवळ दानातून मिळतात, तेथे रुग्णांना महिनोन्‌महिने, कधी कित्येक वर्षे थांबावे लागते. जेथे गरज मोठी आणि दान अपुरे, तेथे लोभास शिरण्यास वाट सापडते. मग ती गरज भागविण्यासाठी दाता शोधण्याऐवजी बळी शोधला जातो.

चीन देशात हे घडले. तेथे १९८४ साली निघालेल्या नियमांनी देहान्तशासन झालेल्या कैद्यांचे अवयव घेण्यास मुभा दिली. देह नेण्यास कोणी आले नाही, अथवा कैद्याने किंवा त्याच्या कुटुंबीयांनी संमती दिली, तर असे करावे, अशी त्यात अट होती. पण बेडीत जखडलेल्या आणि उद्या गोळी घातली जाणाऱ्या मनुष्याच्या संमतीस संमती म्हणावे काय? ज्यास नकार देण्याचे सामर्थ्य नाही, त्याच्या होकारास अर्थ नसतो. पुढे २००५ साली त्या देशाचे तत्कालीन आरोग्य उपमंत्री ह्वांग जिएफू यांनी उघडपणे मान्य केले की, मृतांकडून मिळणारे बहुतांश अवयव देहान्तशासन झालेल्या कैद्यांचेच असतात.

त्याच वर्षी इस्रायलमध्ये घडलेला एक प्रसंग या सर्व विषयाचे मर्म उघड करतो. तेथील हृदयशल्यविशारद डॉ. जेकब लावी यांचा एक रुग्ण नव्या हृदयासाठी दीर्घकाळ वाट पाहत होता. एके दिवशी त्याने सांगितले की, विमा कंपनीच्या व्यवस्थेने आपण चीनला जाणार असून दोन आठवड्यांनी अमुक तारखेला आपणास हृदय मिळणार आहे. तो गेला आणि ठरल्या दिवशी त्याला हृदय मिळालेही. हृदयाची तारीख आधी ठरते याचा अर्थ एकच होतो: कोणाच्या तरी मृत्यूची तारीख आधी ठरलेली असते. रुग्णाच्या दृष्टीने तो जीवनाचा मुहूर्त होता. त्याच मुहूर्तावर दुसऱ्या कोणाचा वध नेमलेला होता. डॉ. लावी यांनी या गोष्टीकडे डोळेझाक केली नाही. आपल्या रुग्णाचा द्वेषही केला नाही. त्यांनी आपल्या देशाचा कायदा बदलण्यासाठी प्रयत्न केले. २००८ च्या कायद्याने परदेशात अवैध मार्गाने होणाऱ्या अवयवारोपणास विम्याचे पैसे देणे बंद केले आणि ज्याने स्वतः अवयवदानाची नोंद केली आहे त्यास गरज पडल्यास अग्रक्रम दिला. त्यानंतर त्या देशात दानाचे प्रमाण वाढले आणि रुग्णांचे चीनकडे जाणे थांबले. एका मनुष्याने विचारलेल्या एका प्रश्नाचे हे फळ होय.

कैद्यांत केवळ खुनी आणि दरोडेखोर होते, असेही नाही. १९९९ च्या जुलैत चीनच्या शासनाने फालुन गोंग या ध्यानसाधना करणाऱ्या पंथावर बंदी घातली आणि त्याचे असंख्य अनुयायी तुरुंगांत व श्रमछावण्यांत डांबले. या लोकांचेच अवयव काढून त्यांना मारले जात असल्याचा आरोप २००६ च्या आरंभी पुढे आला. कॅनडाचे माजी मंत्री डेव्हिड किल्गोर आणि तेथीलच वकील डेव्हिड माटास यांनी त्याची छाननी करून त्याच वर्षीच्या जुलैत अहवाल प्रसिद्ध केला. त्याच सुमारास एथान गुटमान या अमेरिकन लेखकाने हा विषय हाती घेतला. गुटमान पूर्वी बीजिंगमध्ये राहिलेले होते. त्यांनी वर्षानुवर्षे देशोदेशी फिरून छावण्यांतून सुटलेले निर्वासित, वैद्य, पोलीस अशा शंभराहून अधिक लोकांच्या मुलाखती घेतल्या आणि २०१४ साली आपला ग्रंथ प्रसिद्ध केला.

गुटमान यांच्या शोधाची रीत विचार करण्यासारखी आहे. वधाचा साक्षीदार मिळणे येथे जवळजवळ अशक्य होते. ज्याचे अवयव काढले तो साक्ष देण्यास उरत नाही, आणि ज्याने काढले तो बोलत नाही. तेव्हा त्यांनी जे वाचले त्यांना लहानसहान गोष्टी विचारल्या. बँकॉकमध्ये आश्रयास आलेल्या एका प्रौढ स्त्रीने आपल्या छळाची हकीकत सांगताना ओघात एका वैद्यकीय तपासणीचा उल्लेख केला. तिला त्या तपासणीचे काही महत्त्व वाटले नव्हते. पण तपासले होते ते काय? तिच्या छळाच्या जखमांकडे वैद्यांनी पाहिलेच नव्हते. त्यांनी पाहिली ती डोळ्यांची बुबुळे, पोट, रक्त आणि लघवी. अशाच तपासण्या इतर अनेकांनीही सांगितल्या. ज्यांना उपाशी ठेवले जाते आणि मारहाण केली जाते, त्यांच्याच यकृत-मूत्रपिंडांची एवढी चिंता शासनाने का करावी? ही काळजी त्या माणसांची नव्हती. त्यांच्या देहातील मालाची होती. कसाई बकऱ्याचे अंग चाचपतो, पण त्याची प्रकृती सुधारावी म्हणून नव्हे.

एका उइघूर शल्यचिकित्सकाची साक्ष याहून प्रत्यक्ष आहे. १९९५ साली उरुमची नगरात त्यास वरिष्ठांच्या आज्ञेने वधस्थानी नेण्यात आले आणि नुकतीच गोळी घातलेल्या एका माणसाचे यकृत व मूत्रपिंडे काढण्यास सांगण्यात आले. शस्त्र लावताच रक्त वाहू लागले. तो मनुष्य अद्याप मेलेला नव्हता. कित्येक वर्षांनी इंग्लंडमध्ये आश्रय घेतल्यावर त्याने हे स्वमुखाने जगापुढे सांगितले. ज्या हाताने प्राण वाचवावयाचे त्याच हाताने प्राण घेतल्यावर, ते कोणाच्या आज्ञेने घेतले या विचाराने मनाची सुटका होत नाही, याचे हे उदाहरण आहे.

पुढे लंडनमध्ये याच प्रश्नासाठी एक लोकन्यायसभा बसली. पूर्वी युगोस्लाव्हियाच्या मिलोसेविच यांच्यावरील खटल्यात फिर्यादी पक्षाचे नेतृत्व करणारे सर जेफ्री नाइस हे तिचे अध्यक्ष होते. ही सभा कोणत्याही शासनाची नव्हती. या अत्याचाराविरुद्ध काम करणाऱ्या आणि गुटमान ज्याच्या संस्थापकांपैकी एक आहेत अशा मंडळाच्या विनंतीवरून ती बसली होती, आणि शिक्षा देण्याचा अधिकार तिला नव्हता. चीनच्या शासनास बोलावणे गेले होते. ते आले नाही. १७ जून २०१९ रोजी सभेने निर्णय दिला की, बळजबरीने अवयव काढण्याचा प्रकार चीनमध्ये वर्षानुवर्षे मोठ्या प्रमाणावर झाला असून फालुन गोंगचे अनुयायी त्याचे बळी, आणि बहुधा प्रमुख बळी, आहेत. मात्र त्याच सभेने वंशसंहाराचा हेतू सिद्ध झाला असे म्हणण्यास नकार दिला. आणि उइघूर लोकांच्या बाबतीत तपासण्या झाल्याचे पुरावे असले तरी अवयव काढल्याचा पुरेसा पुरावा आपल्यापुढे नाही, असेही सांगितले. क्रोधास पुष्कळ कारण असतानाही जेवढे सिद्ध झाले तेवढेच बोलणे, हे वाणीचे तप आहे. ज्यास अन्यायाविरुद्ध बोलावयाचे आहे त्याने ही मर्यादा शिकण्यासारखी आहे. कारण सत्यात अतिशयोक्तीचा एक थेंब पडला, तरी अन्याय करणारा त्या थेंबाकडे बोट दाखवून सर्वच नासले आहे असे म्हणतो.

चीनचे शासन हे सर्व आरोप नाकारते. १ जानेवारी २०१५ पासून केवळ स्वेच्छेने देणाऱ्या नागरिकांचेच अवयव घेतले जातात, असे त्याने जाहीर केले. शस्त्रक्रियांची संख्या किती याविषयीही वाद आहे. शासकीय आकडा वर्षास सुमारे १०,००० होता; किल्गोर, माटास आणि गुटमान यांनी २०१६ साली रुग्णालयांच्या खाटा, वैद्यवर्ग इत्यादींवरून ६०,००० ते १,००,००० असा अंदाज केला. हे अनुमान आहे आणि अनुमान म्हणूनच घेतले पाहिजे. परंतु २०२२ साली डॉ. लावी आणि मॅथ्यू रॉबर्टसन यांनी वेगळाच पुरावा पुढे ठेवला. १९८० ते २०१५ या काळात चिनी वैद्यांनीच आपल्या नियतकालिकांत छापलेले २,८३८ निबंध त्यांनी तपासले. त्यांपैकी ७१ निबंधांतील वर्णनावरून दाता अवयव काढण्यापूर्वी मेंदूने मृत असल्याचे योग्य रीतीने ठरविलेच गेले नव्हते, असे दिसून आले. म्हणजे मृत्यूनंतर अवयव काढले गेले नाहीत. अवयव काढणे हेच मृत्यूचे कारण झाले. शस्त्रक्रियेच्या कौशल्याच्या अभिमानाने लिहिलेल्या ओळींतून ही कबुली त्यांच्याच हातून लिहिली गेली.

येथे काही शंका उत्पन्न होतात. त्यांचा विचार केला पाहिजे.

पहिली शंका अशी की, देहान्तशासन झालेला मनुष्य मरणारच होता. मग त्याचे अवयव वाया जाऊ न देण्यात दोष कोणता? याचे उत्तर असे की, मरणार तर प्रत्येकच आहे. ‘तो मरणारच होता’ या युक्तिवादाने कोणाचेही काहीही घेता येईल. शिवाय ज्या क्षणी कैद्याच्या देहास मोल येते, त्या क्षणापासून शिक्षा अपराधाच्या मापाने न राहता गिऱ्हाइकाच्या गरजेच्या मापाने होऊ लागते. मग साधना करणारा निरुपद्रवी मनुष्यही अपराधी ठरतो, किंबहुना तो निर्व्यसनी आणि निरोगी असल्यामुळे अधिकच उपयोगी ठरतो. दधीची ऋषींची कथा येथे आठवावी. वृत्रासुराच्या भयाने देवांचे राज्य गेले होते. याहून मोठी गरज ती कोणती असणार? तरीही इंद्राला ऋषींच्या आश्रमात याचक म्हणून जावे लागले. गरज कितीही मोठी असो, ती मागण्याचा अधिकार देते. घेण्याचा अधिकार केवळ देणाराच देऊ शकतो. त्या अस्थी पवित्र ठरल्या त्या दिल्या गेल्या म्हणून.

दुसरी शंका अशी की, रुग्णाने कोणास मारले नाही. त्याने केवळ पैसे भरले. परंतु मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात पशुवधाच्या संबंधात अनुमती देणारा, मारणारा, विकणारा, विकत घेणारा आणि खाणारा या सर्वांनाच घातक म्हटले आहे. पशूच्या बाबतीत जर हा न्याय आहे, तर मनुष्याच्या बाबतीत तो अधिकच लागू होतो. विकत घेणारा नसेल तर विकण्यासाठी मारणाराही नसतो. ‘मला ठाऊक नव्हते’ हे उत्तर ज्याला खरोखरच कळण्याचा मार्ग नव्हता त्याला शोभते. ज्याने उत्तराच्या भीतीने प्रश्नच विचारला नाही, त्याचे अज्ञान हे अज्ञान नसून त्याने स्वतः निवडलेला मोह होय. परिणाम, हानी आणि हिंसा यांचा विचार न करता मोहाने आरंभिलेल्या कर्माला गीतेने अठराव्या अध्यायात तामस म्हटले आहे, ते अशाच कर्माला उद्देशून आहे.

तिसरी शंका अशी की, आरोप पूर्णपणे सिद्ध नाहीत. शासन त्यांचा इन्कार करते. मग सामान्य मनुष्याने काय समजावे? येथे दोन गोष्टी वेगळ्या केल्या पाहिजेत. दुसऱ्यास शिक्षा करावयाची असेल तर निश्चित प्रमाण हवे. संशयावरून शिक्षा करणे हाही अधर्मच. पण स्वतः एखाद्या कर्मापासून दूर राहावयाचे असेल, तर सबळ संशय पुरेसा आहे. दुधात विष असल्याचा दाट संशय आला असता, मुलाला ते पाजण्यासाठी कोणी न्यायालयाच्या निकालाची वाट पाहत नाही. जेथे अवयव कोठून येतो हे सांगितले जात नाही आणि तारीख मात्र सांगितली जाते, तेथे न जाणे एवढे तरी प्रत्येकाच्या हाती आहेच.

चौथी शंका सर्वांत कठीण, आणि ती तर्काची नसून हृदयाची आहे. स्वतःचा मुलगा मरणासन्न असताना पित्याने असल्या विचाराने हात आखडता घ्यावा काय? या प्रश्नाचे उत्तर देताना कठोर शब्द बोलणे सोपे आहे आणि अयोग्यही आहे. पित्याने मुलासाठी घर विकावे, कर्ज काढावे, स्वतःचे मूत्रपिंड द्यावे. प्रेमाला त्यागाची मर्यादा नाही. पण त्याला एक सीमा आहे: ते दुसऱ्याच्या मुलाच्या प्राणापाशी थांबले पाहिजे. शिबी राजाने कपोताच्या भाराचे मांस स्वतःच्या देहातून कापून दिले, दुसऱ्या कोणाच्या नव्हे. गीतेच्या सहाव्या अध्यायात जो इतरांचे सुखदुःख स्वतःच्या उपमेने पाहतो त्यास श्रेष्ठ योगी म्हटले आहे. या दृष्टीची परीक्षा सुखाच्या दिवसांत होत नाही. अंथरुणावर आपला मुलगा असतानाही, दूर कोठेतरी कोठडीत रक्त तपासून ठेवलेला जो आहे तोही कोणा पित्याचाच मुलगा आहे, हे ज्याला दिसते, त्यालाच ही दृष्टी आली.

आणि ही गोष्ट केवळ परदेशाची आहे असे समजून भारतातील गृहस्थाने निश्चिंत होऊ नये. येथे कैद्याचा देह नव्हे, पण दरिद्र्याचा देह विकला गेला आहे. मूत्रपिंडांचा उघड व्यापार माजल्यामुळेच १९९४ साली मानवी अवयवारोपणाचा कायदा करावा लागला, आणि ४ फेब्रुवारी १९९५ पासून तो प्रथम महाराष्ट्र, गोवा, हिमाचल प्रदेश आणि केंद्रशासित प्रदेश येथे अमलात आला. तरीही व्यापार थांबला नाही. २००१ साली चेन्नई येथे मूत्रपिंड विकलेल्या ३०५ जणांची पाहणी झाली. त्यांपैकी शेकडा ९६ जणांनी कर्ज फेडण्यासाठी ते विकले होते. आणि विकल्यावरही बहुतेकांचे कर्ज तसेच राहिले होते. कुटुंबाचे उत्पन्न सुमारे एक तृतीयांशाने घटले होते आणि शेकडा ८६ जणांची प्रकृती पूर्वीपेक्षा ढासळली होती. दुसऱ्यांनी असे करावे काय, असे विचारता शेकडा ७९ जणांनी तसा सल्ला देणार नाही असे सांगितले. सावकाराच्या तगाद्याने मिळालेली संमती आणि बंदुकीच्या धाकाने मिळालेली संमती यांत अंतर आहे. पण दोन्ही मोकळ्या मनाने दिलेल्या दानापासून फार दूर आहेत. गीतेच्या सतराव्या अध्यायात क्लेशाने आणि मोबदल्याच्या आशेने दिलेल्या दानास राजस म्हटले आहे. जेथे देणाऱ्यास क्लेशाशिवाय दुसरी वाटच ठेवलेली नाही, तेथे दोष त्याच्याकडे थोडा आणि घेणाऱ्याकडे अधिक जातो.

मग गृहस्थाने करावे काय? पहिले म्हणजे, घरात अवयवारोपणाचा प्रसंग आला तर ‘कोणाकडून, कशाच्या मोबदल्यात आणि कोणत्या संमतीने’ हे तीन प्रश्न निर्भयपणे विचारावेत. उत्तर मिळत नसेल तर तेच उत्तर समजावे. दुसरे म्हणजे, हरणावरचा खरा उपाय दान हाच आहे. मृत्यूनंतरच्या अवयवदानाचे प्रमाण या देशात दर दहा लाख लोकांमागे एकाहूनही कमी आहे. दधीचीच्या देशात हे भूषणावह नाही. स्वतःच्या अवयवदानाची नोंद करावी आणि तेवढ्यावर न थांबता घरातील माणसांना ती इच्छा स्पष्ट सांगून ठेवावी. कारण त्या शोकाच्या घटकेला निर्णय त्यांनाच करावा लागतो. तिसरे म्हणजे, जे लोक दूरच्या छावण्यांतील हाक ऐकून तिचा शोध घेतात, त्यांचे म्हणणे आपल्या गावाचा त्याच्याशी संबंध नाही म्हणून टाकून देऊ नये. ते तपासून पाहावे, आणि जेवढे सत्य दिसेल तेवढे मान्य करावे.

जो अवयव प्रेमाने दिला गेला, तो दुसऱ्याच्या देहात धडधडत असताना दोन घरांस जोडतो. जो हिरावून घेतला गेला, तोही तसाच धडधडतो. शरीरशास्त्रास त्यांत भेद सापडत नाही. तो भेद जाणणे हे मनुष्याचेच काम आहे.